पाहुण्यांचा हात

सुगीनंतरच्या मायकेलमासच्या सणाचा दुसरा दिवस

फादर ऑस्बर्टनी दिलेलं प्रायश्चित्त ते हे. कबुलीला बसले की माझं पाप दर खेपेला एकच असतं, जीभ. या खेपेला ते वैतागले. म्हणाले, "ॲविस, तुझ्या तोंडात तीळ भिजत नाही. मठातल्या बायांनी तुला अक्षरं शिकवली त्यांचं काय लोणचं घालायचंय? जे सांगावंसं वाटेल ते आधी लिहून काढ. लिहिलं की सांगायची खाज जाते." चर्मपत्राचे जुने तुकडे दिलेत, खरवडून परत वापरायचे. माझ्या पापांना कोरं कशाला हवं म्हणा.

विषयही नेमका आजच आला. पाहुणे आले.

पाहुणे म्हणजे कोण ते उच्चारायचं नाही असा हुकूम आहे, पण लिहायला काय हरकत? राजा. गेल्या मायकेलमासला राजा होते, आता नाहीत. धाकट्या भावानं राज्य घेतलं, संसदेनं मान डोलावली, आणि थोरल्याला आणून आमच्या गळ्यात बांधलं. का, तर थर्स्टन कधी कुणाच्या अध्यात ना मध्यात. थर्स्टन म्हणजे माझा नवरा, या किल्ल्याचा किल्लेदार. आणि किल्ला असा उजाड माळावर की मेंढरंसुद्धा नाइलाजानं येतात. 'महाराज' म्हणायचं नाही, 'सरदार' म्हणायचं. गुडघा टेकायचा नाही. जेवण आपण जेवतो तेच.

भिजून आले. अंगावर कुण्या शिपायाचा झगा, तोही आखूड. मला वाटलं होतं चांगला धिप्पाड माणूस असेल, तर आमच्या लोहाराच्या खांद्याला लागतील. जिन्याच्या तोंडाशी दार आहे, ते नुसतं लोटलेलं होतं, कडीसुद्धा नव्हती. हे आपले त्याच्यापुढे उभे. मी मागे ताट धरून उभी. म्हटलं, घेरी आली की काय! मग उलगडलं. दार कुणीतरी उघडायची वाट बघत होते. चाळिशीचा माणूस, जन्मात स्वतः दार उघडलेलं नाही! मी पुढे होऊन ढकललं, तर म्हणाले, "आभारी आहे, बाई."

आमच्या स्वयंपाकिणीला, गुनिल्डाला सांगितलं तेव्हा हसून हसून तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. (आधी लिहायचं होतं, मग सांगायचं. उद्यापासून.)

संत ल्यूकचा दिवस

माझ्या एमलिनच्या मानेवरची दुसरी गाठ फुटली. डाव्या बाजूला आता तीन झाल्या. पोर सात वर्षांची, आणि मान वाकडी करून चालते म्हाताऱ्या कोंबडीसारखी. रडत नाही, त्याचंच मला जास्त रडू येतं. गोगलगाईचा लेप झाला, कोबीच्या पानांचा झाला, संत ब्लेझला नवस झाला. या गंडमाळेला 'राजाचं दुखणं' म्हणतात; अभिषेक झालेल्या राजानं गळ्याला हात लावला की जातं, हे लहान पोरालाही ठाऊक आहे. येत्या उन्हाळ्यात लंडनला न्यायची ठरलीच होती. तेवढ्यात ही उलथापालथ.

आणि आता राजा माझ्याच घरात, दोन जिने वर!

थर्स्टनना म्हटलं, "अहो, एकदा हात लावायला सांगूया ना."

"कुणाला?"

"उगाच वेड पांघरू नका."

त्यांनी भाकरीचा तुकडा खाली ठेवला. "ॲविस, अगं जरा विचार कर. त्यांच्या हातानं पोर बरी झाली, तर त्याचा अर्थ काय? ते अजून राजे आहेत. मग लंडनला बसलाय तो कोण? असं जिथं घडलं त्या घराचं काय होईल?"

"आणि नाही झाली बरी तर?"

"नाही झाली तर नाही झाली. मग विचारायचंच कशाला?"

बापाचं काळीज हे! रागानं मी त्यांची जवाची दारू मांजरापुढे ओतली. मांजर प्यायलं नाही.

सर्व मृतांचा दिवस

फादरना विचारलं, अभिषेकाचं तेल पुसता येतं का? मुकुट काढता येतो, गादी काढून घेता येते, सगळं खरं. पण बिशपनं कपाळाला लावलेलं तेल अंगात मुरलं त्याचं काय?

फादर बराच वेळ दाढ चोखत बसले. शेवटी म्हणाले, "हा प्रश्न बिशपला विचार."

"बिशप विचारल्यावर काय करतील?"

"तुझं नाव लिहून घेतील," म्हणाले, आणि उठून गेले.

मार्टिनमस

आज हिवाळ्याच्या बेगमीसाठी गुरं कापायचा दिवस. अंगणभर रक्त, सगळे खाली कामात. तेवढ्यात मी वर गेले आणि सरळ विचारलं. मला आडवळण जमत नाही. पोरीच्या गळ्याची चिंधी सोडून दाखवली.

त्यांनी बघितलं. तोंड फिरवलं नाही, एवढं कबूल. मग हात पाठीमागे नेऊन बांधले आणि म्हणाले, "बाई, हे माझ्याकडे मागू नका."

"तुम्ही शेकड्यांनी लोकांना हात लावलाय."

"तो मी वेगळा होतो."

"हात तर तेच आहेत ना?"

"तेच आहेत का, हे मला कुठं माहीत आहे," म्हणाले, आणि खिडकीकडे वळले.

मेलं राज्य गेलं पण तोरा नाही गेला! आमची भाकरी खातो, आमच्या लाकडांवर शेकतो, आणि माझ्या पोरीला बोट लावायला ह्याचं काय झिजतं? परतताना दार मी इतक्या जोरात आपटलं की भिंतीची माती पडली. देवा, क्षमा कर, पण त्यांना त्या वेळी मी मनात काय काय म्हटलं ते लिहायला हा तुकडा पुरायचा नाही.

नाताळाआधीच्या आगमनकाळाचा पहिला आठवडा

एमलिन माझा डोळा चुकवून वर जाते. दारावरचा शिपाई तिला सोडतो, त्याचीही पोर याच वयाची आहे. ती त्यांना 'पाहुणेकाका' म्हणते. आज बघते तर हे महाशय बाकावर पाय पुढे करून बसलेले आणि ती त्यांना बुटाच्या नाड्या बांधायला शिकवतेय. "अहो काका, असं नाही. ससा बिळाभोवती फिरतो, मग आत जातो. तुमचा ससा पळालाच की!" आणि ते जीभ दातात धरून पुन्हा करतायत. हसले. त्यांना हसताना पहिल्यांदाच बघितलं, दात चांगले आहेत.

खाली आल्यावर म्हणाली, "आई, पाहुणेकाकांवर रागावू नकोस. त्यांना भीती वाटते."

"राजाला कसली आलीय भीती?"

"ते म्हणाले, हात लावला आणि काहीच झालं नाही तर मग त्यांच्याकडे काहीच उरणार नाही."

काय बोलतात पोरांशी! म्हटलं, खा ती पेज. माझ्या पोरीच्या गळ्यात भोकं पडतायत आणि ह्यांना आपल्याकडे काय उरेल याची पडलीय.

निष्पाप बालकांचा दिवस

नाताळ कसा गेला ते मला माहीत नाही. एमलिन पाच दिवस तापात. घोटभर दूधही उतरेना. काल फादरनी येऊन तेल लावलं, मरणाऱ्याला लावतात ते.

आज दुपारी शिपाई खाली आला. म्हणाला, सरदार विचारतात पोरगी चार-पाच दिवसांत वर का आली नाही. मी म्हटलं, सांग त्यांना का आली नाही. बरं ठणकावून सांगितलं, वरपर्यंत ऐकू जावं असं.

थोड्या वेळानं शिपाई परत आला. सरदारांनी सकाळपासून काही खाल्लेलं नाही, त्यांना फादर हवेत, पाणी हवं, आणि पोरीला वर आणा.

थर्स्टन माझ्याकडे बघत राहिले. मग त्यांनीच तिला उचललं आणि वर नेलं. माझ्या नवऱ्याबद्दल मी मागे लिहिलं ते खोडायला हवं, पण शाई संपत आलीय.

पाहुण्यांनी फादरपाशी कबुली दिली, हात धुतले. फादर म्हणाले, "मी खिडकीतून मेंढरं बघतोय, मला काही दिसत नाही," आणि खरंच पाठ करून उभे राहिले. पण लॅटिन मात्र म्हणत होते. पाहुण्यांनी दोन्ही हात तिच्या गळ्यावर ठेवले, पुवाची पर्वा केली नाही. बराच वेळ ठेवले. मग अंगठ्यानं क्रूस काढला.

नंतर गळ्यात नाणं बांधायचं असतं. ते इकडेतिकडे बघू लागले. नाणं त्यांच्या हातात नेहमी कुणीतरी देत असणार. मी कमरेची पिशवी सोडून एक पेनी पुढे केली. ती घेऊन त्यांनी उजेडात धरली. त्यांचाच चेहरा होता तिच्यावर. नवी नाणी आमच्या माळावर कुठली पोचायला?

"हा मी?" म्हणाले. "नाक तर माझं नाही."

एमलिन डोळे न उघडता म्हणाली, "काका, नाडी घट्ट बांधा. ससा पळेल."

निघताना मला म्हणाले, "बाई, हे या भिंतींच्या बाहेर जाऊ देऊ नका." मी पोरीच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घ्यायला निघाले, तर त्यांनी माझा हात धरून बाजूला केला. "तिची शपथ नको. नुसता प्रयत्न करा." माझी जीभ एवढ्यात त्यांच्याही कानावर गेलेली दिसते.

मेणबत्त्यांचा सण

गाठी सुकल्या! तिन्ही! खपल्या धरल्या, एक तर पडलीसुद्धा. मान सरळ करून चर्चला चालत आली, हातात मेणबत्ती घेऊन, आणि तिच्या गळ्यावर नुसत्या गुलाबी खुणा. काल दोन वाट्या पेज खाऊन तिसरी मागितली. मी कोठारात जाऊन पिठाच्या पोत्याला मिठी मारून रडले, दुसरं कोणी जवळ नव्हतं.

वर सांगायला गेले. त्यांनी तिचा गळा बघितला, मग स्वतःचे तळवे बघितले, उलटे, सुलटे. म्हणाले, "म्हणजे आहे." एवढंच. आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. मी गुडघे टेकले. हुकूम गेला खड्ड्यात.

कुणालाही सांगितलेलं नाही. फक्त गुनिल्डाला. ती घरातलीच.

उपवासकाळाचा दुसरा आठवडा

गिरणीवाल्याची बायको ग्रिसेल पीठ घेऊन आली होती. तिच्या मुलाला तेच दुखणं, एक डोळाही जायच्या बेतात आहे. एमलिनला अंगणात उड्या मारताना बघून ती जिथल्या तिथे थांबली. पोत्यावरची पकड सुटली.

आता आईनं आईला सांगायचं नाही तर कुणी सांगायचं? मी तिला एका कोपऱ्यात घेतलं. शपथ घालून सांगितलं, कुणापाशी बोलायचं नाही.

मरियमच्या सांगाव्याचा दिवस

दरवाजाशी माणसंच माणसं. उपवासाचे खारे मासे खाऊन, चिखल तुडवत, कोण कुठून आलेत. पाठीवर म्हातारे, कडेवर पोरं, सगळ्यांचे गळे बांधलेले. थर्स्टन माझ्या बाजूनं निघून सरळ दरवाजाकडे गेले. ओरडले असते तर बरं झालं असतं. "यांना घालवा," असं शिपायांना सांगत होते, पण शिपाईच टोप्या काढून उभे.

पाहुणे खिडकीत आले. खालून आधी एक बाई, मग सगळेच गुडघ्यावर बसले. तेवढ्या चिखलात! त्यांनी थर्स्टनना निरोप धाडला, "मला खाली जाऊ द्या. पळून कुठे जाणार?"

दरवाज्याच्या लोखंडी जाळीतून हात घालून त्यांनी एकेकाला स्पर्श केला. दुपार होईपर्यंत. मनगटं जाळीला घासून सोलली, तरी थांबले नाहीत. प्रत्येकाला नाव विचारत होते. काय तेज आलं होतं तोंडावर! हाच का तो दारापुढे खोळंबलेला माणूस? गर्दीत कुणीतरी मोठ्यानं "महाराज चिरायु होवोत" म्हटलं, आणि माझ्याही तोंडून निघून गेलं.

मला आज फार समाधान आहे. माझ्या जिभेनं जन्मात पहिल्यांदा कुणाचं तरी भलं केलं. फादरना हे वाचून दाखवायला हवं. पण त्यांना मी काही बोलायच्या आत ते देवळात गेले आणि दार लावून बसले. त्यांची तब्येत बरी दिसत नाही.

झावळ्यांच्या रविवारआधीचा गुरुवार

लंडनहून दोन सरदार आले आहेत. इतके सभ्य लोक मी बघितले नाहीत. पायातला चिखल स्वतः खरवडून आत आले. हाताच्या स्पर्शाची हकिकत त्यांच्यापर्यंत पोचलीय म्हणे. थर्स्टन म्हणाले, "बाजारगप्पा आहेत, तसं काही नाही." पण मी म्हटलं, खोटं का बोला? मी एमलिनला पुढे केलं, गळा दाखवला, पेनी दाखवली, कसे हात ठेवले तेही सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. त्यांतल्या वयस्क सरदारानं पेनी उलटून चेहरा बघितला आणि एमलिनच्या हातावर दोन अंजिरं ठेवली. "किती माणसं आली होती?" "जयजयकार कुणी केला?" सगळं नीट विचारलं. चमत्काराची चौकशी अशीच करतात, मठात मी ऐकलंय.

शेवटी कुणी दखल घेतली! पाहुण्यांच्या भावाचं मन आता द्रवेल. रक्ताचं नातं आहे, आणि देवानं एवढी उघड साक्ष दिल्यावर कोण किती दिवस धाकट्याच्या हट्टापायी थोरल्याला कोंडून ठेवणार? फार तर ईस्टरपर्यंत.

थर्स्टन जेवले नाहीत. म्हणतात पोट बिघडलंय.

झावळ्यांचा रविवार

आनंदाची बातमी म्हणून मी वर सांगायला गेले. त्यांनी सगळं ऐकलं. त्या सरदारांची नावं विचारली. मग म्हणाले, "बाई, तुमची बहीण कुठं असते?"

"दरीपलीकडच्या गावी."

"एमलिनला घेऊन उद्या तिच्याकडे जा. ईस्टर तिकडेच करा."

मला वाईटच वाटलं. म्हटलं, "सुटकेचा हुकूम येईल तेव्हा आम्ही इथं नको का?"

"नको," म्हणाले. पण हसून म्हणाले. "तुम्ही मला हात परत दिलेत. ते मी विसरणार नाही. आता माझं ऐका."

एमलिननं त्यांना नाड्या बांधून दाखवायला सांगितल्या. त्यांनी दोन्ही बूट बांधले, पहिल्याच खेपेला, ससा कुठंही न पळता. तिनं टाळ्या वाजवल्या. मी फुरंगटूनच निघाले.

ईस्टरनंतरचा मंगळवार

ते गेले.

आज बहिणीकडून परतले तर सगळं आटोपलेलं. ताप आला म्हणतात. गुड फ्रायडेला आला आणि त्याच दिवशी गेले. देवळात शवपेटी ठेवलीय, शिशात मढवलेली, फक्त चेहरा उघडा. ते दोन सरदार निघूनही गेले. फादर माझ्याकडे बघत नाहीत. गुनिल्डा मला बघून आत जाते.

ताप. ज्या माणसाला सगळा हिवाळा साधी शिंक आली नाही.

थर्स्टन तबेल्याच्या पायरीवर बसले होते. मी विचारलं, काय झालं. पुन्हा विचारलं. शेवटी म्हणाले, "ते लोक वर गेले. बाहेरून हाक मारली. मला वाटलं दार फोडतील." हातातला लगाम खाली ठेवला. "दार त्यांनी स्वतः उघडलं, ॲविस."

मी पुढे विचारलं नाही. मी, ॲविस, काही विचारलं नाही.

तेव्हापासून बसलेय. ह्याच चर्मपत्रावरचं मागचं सगळं वाचलं. पहिल्या ओळीपासून. सगळं इथंच तर लिहिलंय, माझ्याच अक्षरात. दोन अंजिरं लिहिलीत. देवा, मी त्यांना पेनी दाखवली.

नव्या पिठाच्या पावाचा सण

तीन महिने लिहिलं नाही. लोक अजून येतात, गुपचूप. देवळात त्यांच्या थडग्याच्या दगडाला गळा लावून जातात. ग्रिसेलच्या मुलाचा डोळा राहिला. ती म्हणते, "खोटे राजे मरतात तसे मरतात, खऱ्याचा हात मेल्यावरही चालतो." गावागावात हे आता असंच बोललं जातं. लंडनला गादीवर बसलेल्याला हे ऐकून झोप लागत नाही म्हणे. न लागो.

आज सकाळी एमलिनची वेणी घालत होते. डाव्या कानाखाली बोट अडलं. वाटाण्याएवढी गाठ. त्याच जागी. मी पुन्हा चाचपून बघितलं, आणखी एकदा बघितलं.

पोरीला कळलंच. तिनं मान हलवली नाही.

मी पेटीतून रुमाल काढला, निळा, माझ्या लग्नातला. तिच्या गळ्याभोवती कानापर्यंत वर गुंडाळला आणि पुढे गाठ मारली. पेनी आत राहिली. अंगणात ऊन रणरणतंय. गुनिल्डानं विचारलं, "एवढ्या उकाड्यात पोरीला हे काय गुंडाळलंस?" म्हटलं, तिला थंडी वाजते. तिनं माझ्या तोंडाकडे बघितलं. मी आणखी काही सांगेन म्हणून ती थांबली होती. मी कणीक मळायला घेतली.

थर्स्टनना सांगणार नाही. फादरना कबुलीतही नाही. ग्रिसेलला तर नाहीच. हा तुकडा लिहून झाला की चुलीत जाईल, आणि त्याबरोबर मागचे सगळे.

दुपारी पाव घेऊन देवळात निघाले, त्यांच्या दगडावर ठेवायला. एमलिन दारापर्यंत आली आणि माझा झगा ओढून खाली वाकायला लावलं. कानात म्हणाली, "आई, गाठ परत आली ते पाहुणेकाकांना सांगू नकोस हं. त्यांना वाईट वाटेल."

नाही सांगणार, म्हटलं.